भोसरीच्या पॅनेलांतील उष्मा

१९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि पुढील काही दशकांत हवेली तालुक्यातील मौजे भोसरी लेथ, प्रेस व भट्ट्यांनी गजबजून गेले, हे सर्वश्रुत आहे. परंतु त्या कारखान्यांच्या भिंतींवरील विजेच्या पत्र्याच्या पॅनेलांत जो उष्मा साठत गेला, त्याला अद्याप बखरकार लाभलेला नाही.

आरंभी अंमल होता तो चिनी मातीच्या किटकॅट फ्यूजचा. भार वाढला की कथिलाचा मुलामा दिलेली तांब्याची तार वितळे आणि वायरमन नवी तार बांधी. मात्र जॉबवर्कची मुदत डोक्यावर असली म्हणजे एका तारेच्या जागी दोन पदर गुंडाळण्याचा प्रघात पडे. त्याने फ्यूज वाचे आणि केबल तापे. १९५६ च्या भारतीय विद्युत नियमांचे अज्ञान हे त्याचे कारण नव्हे; बंद यंत्राचा तोटा तत्काळ दिसतो, केबलचा दिसत नाही, इतकेच.

मॅनहाइमच्या ह्यूगो श्टोट्झ यांनी १९२४ साली फ्यूजची जागा घेणाऱ्या ज्या ब्रेकरचे पेटंट घेतले, त्याची गंमत अशी की उष्णता हेच त्याचे शस्त्र आहे: दीर्घकाळ अतिभार राहिला तर द्विधातूची पट्टी तापून वाकते, आणि शॉर्ट सर्किट झाले तर विद्युतचुंबक क्षणार्धात खटका पाडतो. लहान ब्रेकरची क्षमता सामान्यतः ३० अंश सेल्सिअस तापमान गृहीत धरून ठरवतात. वैशाखात पत्र्याच्या छपराखालील बंद पॅनेलमध्ये ही मर्यादा केव्हाच ओलांडली जाते आणि बिचारा ब्रेकर, नेमून दिलेले काम करूनही, ‘डिफेक्टिव्ह’ ठरून त्याच्या जागी मोठा बसवला जातो. म्हणजे दोन पदरांचीच ही नवी आवृत्ती.

तथापि ब्रेकरवर फोडले जाणारे खापर पुष्कळदा ढिल्या टर्मिनलचे असते. जूलच्या नियमानुसार उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या व रोधाच्या प्रमाणात वाढते. त्यातून तांब्याच्या दुर्भिक्ष्यात रूढ झालेले अ‍ॅल्युमिनियम स्क्रूच्या दाबाखाली हळूहळू सरकते आणि त्यावर ऑक्साइडचा थर चढतो. रोध वाढला की सांधा तापतो, तापला की आणखी बिघडतो, आणि अखेरीस काळवंडलेला लग व बेकलाइटचा उग्र वास वर्दी देतात.

वीजभार विभागण्यासाठी या पट्ट्यात साप्ताहिक सुट्टी गुरुवारी ठेवण्याची वहिवाट पडली, आणि पॅनेल उघडून नट-बोल्ट आवळण्यास तोच दिवस सोयीचा झाला. आता अवरक्त कॅमेऱ्याने तपासणी होते. पण तापलेला सांधा भार चालू असतानाच दिसतो, म्हणून कॅमेरा बुधवारी फिरवावा लागतो आणि पाना गुरुवारी.