पाहुणा सामना गाव का सोडतो?

४ ऑक्टोबर २०१९ रोजी मुंबईत, वरळीच्या एनएससीआय डोममध्ये, एनबीए या अमेरिकी व्यावसायिक बास्केटबॉल लीगचा भारतातला पहिला सामना झाला. सॅक्रामेंटो किंग्ज विरुद्ध इंडियाना पेसर्स. जादा वेळेपर्यंत ताणलेला हा सामना पेसर्सनी १३२-१३१ असा एका गुणाने जिंकला. प्रेक्षकांत सुमारे तीन हजार शाळकरी मुलं होती. दुसऱ्या दिवशी हेच दोन संघ पुन्हा खेळले आणि पेसर्स पुन्हा जिंकले. दोन्ही सामने प्रदर्शनीय होते, म्हणजे हंगामाच्या गुणतक्त्यात त्यांची नोंद नव्हती. किंग्जचे मालक विवेक रणदिवे हे मूळचे मुंबईचे, त्यामुळे मराठी वर्तमानपत्रांनीही या सामन्यांना बरी जागा दिली. एनबीए आता दरवर्षी येणार, असं तेव्हा बऱ्याच जणांना वाटलं होतं.

ती आली नाही. पुढच्या वर्षी करोना आला हे खरं. पण तो ओसरल्यावर, ऑक्टोबर २०२२ मध्ये एनबीएचे संघ या बाजूला आले ते अबूधाबीला. तिथल्या यास बेटावरच्या एतिहाद अरीनात १८ हजारांपर्यंत प्रेक्षक बसू शकतात, आणि अबूधाबीच्या सरकारी पर्यटन खात्याने लीगशी अनेक वर्षांचा करार केला होता. २०२३, २०२४, २०२५ असे सलग सामने तिथेच झाले. वरळीला ते दोन दिवस तेवढे मिळाले.

मी हे लिहितोय ते यवतमाळ जिल्ह्यातल्या मारेगावातून. वणी-करंजी रस्त्यावरचं हे तालुक्याचं गाव. वरळी आम्हालाच लांब, मग अबूधाबीचं काय दुःख करायचं, असं कुणी म्हणेल. पण पाहुणा सामना लहान जागा सोडून मोठ्या जागेकडे जातो, ही गोष्ट विदर्भाने आपल्या डोळ्यांनी पाहिली आहे, आणि तीही एकदा नव्हे. म्हणून तिचा इतिहास इथून नीट दिसतो.

चौतीस सामन्यांचा दौरा

१९३३-३४ च्या हिवाळ्यात डग्लस जार्डिनचा एमसीसी संघ भारतात आला. त्या दौऱ्यात तो ३४ सामने खेळला आणि त्यांतले कसोटी सामने फक्त तीन होते. बाकीचे संस्थानांच्या, प्रांतांच्या, जिमखान्यांच्या संघांशी. नागपुरात तो मध्य प्रांत व वऱ्हाडच्या संघाशी खेळला. म्हणजे आमच्या आजोबांच्या पिढीतल्या एखाद्या वऱ्हाडी माणसाला, कापूस विकून हातात चार पैसे असतील तर, इंग्लंडचा कर्णधार डोळ्यांनी बघता येत होता.

यात उदारपणा नव्हता, हिशोब होता. पाहुणा संघ बोटीने यायचा आणि महिनोन्‌महिने राहायचा. त्याचा खर्च निघायचा तो गावोगावच्या दरवाजावरच्या पैशांतून आणि संस्थानिकांच्या थैलीतून. टीव्ही नव्हता. एका गावच्या सामन्याचं तिकीट दुसऱ्या गावात विकता येत नव्हतं, त्यामुळे संघालाच गावोगाव जावं लागे.

अमेरिकेतही हेच होतं. २ मार्च १९६२ रोजी विल्ट चेंबरलेनने एका सामन्यात १०० गुण केले. एनबीएमधला हा विक्रम आजही उभा आहे. तो घडला कुठे? न्यूयॉर्कला नाही, त्याच्या संघाच्या फिलाडेल्फियातही नाही. तिथून दीडशेक किलोमीटरवरच्या हर्शी या चॉकलेटच्या कारखान्यामुळे वसलेल्या गावात, ४,१२४ प्रेक्षकांसमोर. नवे प्रेक्षक जोडायला फिलाडेल्फियाचा संघ आपले काही घरचे सामने तिथे नेत असे. त्या सामन्याचं चित्रीकरणही उपलब्ध नाही. ज्यांनी पाहिला त्यांनी पाहिला.

आज दौरा कसा असतो? २०२३ मध्ये ऑस्ट्रेलियाचा संघ नागपुरात पहिली कसोटी खेळला, त्याआधी भारतात एकही सराव सामना न खेळता. २०२४ मध्ये इंग्लंड पाच कसोटी खेळायला आला, तोही एकाही सराव सामन्याविना. त्यांनी तयारी केली अबूधाबीत. दौऱ्याचा खर्च आणि नफा आता प्रक्षेपणाच्या हक्कांतून येतो. सराव सामना कुणी विकत घेत नाही, म्हणून तो नाहीसा झाला. त्याबरोबर इंदूर, जालंधर, नागपूर अशा गावांच्या वाट्याला येणारे ते तीन दिवसही गेले.

खुर्ची कुणाची?

पण सगळा दोष टीव्हीच्या माथी मारणं बरोबर नाही. मुंबईचं उदाहरण टीव्हीच्या आधीचं आहे, आणि त्याच्या केंद्रस्थानी चक्क एक प्रदर्शनीय सामनाच आहे.

ब्रेबॉर्न स्टेडियम १९३७ चं. मालकी क्रिकेट क्लब ऑफ इंडियाची. कसोटी व्हायची तिथे, पण सामन्याची तिकिटं मुंबई क्रिकेट असोसिएशनला किती द्यायची यावरून दोन्ही संस्थांत वर्षानुवर्षं तंटा होता. खुर्च्या क्लबच्या, खेळाडू असोसिएशनचे. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला असोसिएशनची सूत्रं होती शेषराव वानखेडे यांच्याकडे. हे नागपूरकडचे, बॅरिस्टर, आणि त्या वेळी महाराष्ट्र विधानसभेचे अध्यक्ष. किस्सा असा सांगितला जातो की, काही तरुण आमदारांना ब्रेबॉर्नवर एक प्रदर्शनीय सामना भरवायचा होता. वानखेडे त्यांना घेऊन क्लबचे अध्यक्ष विजय मर्चंट यांच्याकडे गेले. मर्चंटनी नकार दिला. वानखेड्यांनी मग ब्रेबॉर्नपासून हाकेच्या अंतरावर, चर्चगेटजवळ, नवं स्टेडियमच उभारायचं ठरवलं. वास्तुरचनाकार शशी प्रभू. जानेवारी १९७५ मध्ये तिथे वेस्ट इंडिजविरुद्ध पहिली कसोटी झाली आणि क्लाइव्ह लॉइडने नाबाद २४२ धावा केल्या. त्यानंतर ब्रेबॉर्नला पुढची कसोटी मिळाली ती थेट डिसेंबर २००९ मध्ये.

किश्शातले संवाद सांगणाऱ्यागणिक बदलतात, पण तिकिटांचा तंटा खरा आहे. ब्रेबॉर्न लहान होतं म्हणून सामना गेला नाही. दरवाजावरच्या पैशावर आणि मानाच्या खुर्च्यांवर हुकूम कुणाचा, या प्रश्नावरून तो गेला. सामना कुठे खेळवायचा हे ठरवणारा आणि जागेचा मालक वेगवेगळे असले, की ठरवणारा कधीतरी स्वतःची जागा बांधतो किंवा दुसरी शोधतो.

सिव्हिल लाइन्स ते जामठा

नागपुरात हेच थोड्या वेगळ्या रीतीने झालं. सिव्हिल लाइन्समधल्या व्हीसीए मैदानावर ऑक्टोबर १९६९ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध पहिली कसोटी झाली. याच मैदानावर ३१ ऑक्टोबर १९८७ रोजी विश्वचषकात चेतन शर्माने हॅटट्रिक घेतली आणि सुनील गावसकरने एकदिवसीय सामन्यांतलं आपलं एकमेव शतक ठोकलं. शहराच्या मधोमध असलेलं मैदान. एसटी स्टँडवर उतरायचं, रिक्षा करायची, नाहीतर सरळ चालत जायचं.

याच मैदानाची दुसरी आठवणही सांगायला हवी. २६ नोव्हेंबर १९९५ रोजी न्यूझीलंडविरुद्धच्या एकदिवसीय सामन्याच्या मध्यंतरात नव्या बांधकामाची भिंत कोसळली आणि सामना बघायला आलेली माणसं दगावली. सामना मात्र पुरा खेळवला गेला. तेव्हा जुन्या मैदानाबद्दल नुसतं हळवं होऊन चालत नाही. दाटीवाटीच्या जागेत मोठी गर्दी कोंबण्याची किंमत या शहराने दिली आहे.

२००८ मध्ये वर्धा रोडवर जामठ्याला नवं स्टेडियम झालं. सुमारे ४५ हजारांचं, प्रशस्त, गाड्या लावायला भरपूर जागा. नोव्हेंबरमध्ये तिथे ऑस्ट्रेलियाविरुद्ध पहिली कसोटी झाली, तीच सौरव गांगुलीची शेवटची. टीव्हीवर बघताना डोळ्यांत भरल्या त्या रिकाम्या खुर्च्या.

इथे आमच्या तालुक्याच्या दृष्टीने एक गंमत आहे. आम्ही नागपूरला जातो ते जाम, बुटीबोरी करत. म्हणजे जामठा आम्हाला नागपूरच्या आधी लागतं. मैदान शहरापासून पंधरा-वीस किलोमीटर लांब गेलं, म्हणजे आमच्या जवळ आलं! नकाशावर. प्रत्यक्षात एसटी तुम्हाला नागपूरच्या स्टँडवर सोडते, तिथून उलट परत जामठ्याला यायचं, आणि दिवसरात्रीचा सामना असेल तर रात्री अकराला वर्धा रोडवर उभं राहायचं. चारचाकीवाल्यासाठी मैदान जवळ आलं, एसटीवाल्यासाठी लांब गेलं. नवी स्टेडियम कुणाला डोळ्यांसमोर ठेवून बांधतात, हे यावरून कळतं.

मानकापूरचे ते दिवस

कबड्डी तर आमचीच. १९३६ मध्ये बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने तिथे देशी खेळांची प्रात्यक्षिकं केली, त्यांत कबड्डी होती. वऱ्हाडातली पोरं जगाला प्रदर्शनीय सामना दाखवून आली होती. २०१४ मध्ये प्रो कबड्डी लीग सुरू झाली तेव्हा यू मुंबाचं घर ठरलं वरळीचा तोच डोम.

ऑगस्ट २०१७ मध्ये ही लीग नागपुरात, मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात आली. पण संघ होता बंगळूरू बुल्स. बंगळूरूचं स्टेडियम मिळालं नाही म्हणून त्यांचे 'घरचे' सामने नागपुरात ठेवले होते. आठवडाभर नागपूरकर बंगळूरूच्या नावाने ओरडले, आणि मग लीग पुढच्या गावी गेली. पुढच्या हंगामात बंगळूरूचे सामने पुण्याला नेले. नागपूर घर कधीच नव्हतं, अडचणीच्या वेळची ओसरी होती.

पुढे घराची कल्पनाच ढिली झाली. २०२१-२२ चा अख्खा हंगाम करोनामुळे बंगळूरूच्या एका हॉटेलात, प्रेक्षकांविना झाला, आणि टीव्हीवर तो चाललाही. लीग चालवणाऱ्यांना त्यातून एक गोष्ट कळली असणार, की बारा गावी तामझाम हलवण्यापेक्षा तीन-चार गावी मुक्काम ठोकणं स्वस्त पडतं. २०२४ मध्ये तीन शहरं होती, त्यांत पुणे होतं. २०२५ मध्ये विशाखापट्टणम, जयपूर, चेन्नई आणि दिल्ली. महाराष्ट्राचे दोन संघ लीगमध्ये, पुणेरी पलटण तर अंतिम फेरीत, आणि महाराष्ट्रात एकही सामना नाही.

हिशोब निष्ठुर आहे, पण अवघड नाही. मॅट, दिवे, कॅमेरे, हॉटेलं, विमानाची तिकिटं यांचा खर्च पाच हजार खुर्च्यांच्या सभागृहात जेवढा, जवळजवळ तेवढाच अठरा हजारांच्या सभागृहात. खुर्च्या तिप्पट झाल्या की तिकिटाचं उत्पन्न तिप्पट होऊ शकतं, खर्च होत नाही. त्यावर काचेच्या पेट्यांमधल्या महाग जागा आणि यजमान सरकारचं अनुदान. लहान सभागृहाकडे एकच गोष्ट उरते, ती म्हणजे खेळाडूच्या श्वासाचा आवाज ऐकू येईल इतकं जवळ बसलेलं माणूस. हिशोबाच्या वहीत त्याला रकाना नाही.

पण खेळाच्या वहीत आहे. मुंबईत नागपाड्याला बास्केटबॉल रुजला तो एनबीएमुळे नव्हे. १९२७ मध्ये अमेरिकन मराठी मिशनच्या क्लिफर्ड मॅनशार्ट यांनी तिथे नेबरहुड हाउस सुरू केलं. त्या वस्तीत कोर्ट होतं, रोज संध्याकाळी मोठी पोरं खेळायची आणि लहान पोरं कडेला बसून बघायची. त्यातून पिढ्यान्‌पिढ्या खेळाडू निघाले. वरळीच्या डोममधली ती तीन हजार मुलं एक दिवस जवळून बघून गेली. त्यांना पुन्हा बघायला मिळालं असतं तर काय झालं असतं, हे कधी कळणार नाही.

मारेगावात हिवाळ्यात खुल्या कबड्डी स्पर्धा होतात. वर्गणी निघते, कुण्या पुढाऱ्याच्या नावाचा चषक असतो, हॅलोजनच्या उजेडात मध्यरात्रीपर्यंत सामने चालतात. चढाईला आलेल्या पोराच्या पायाची माती आपल्या अंगावर उडते, इतक्या जवळून बघता येतात. हे टिकेल. पण इथल्या चांगल्या चढाईपटूला आपल्याहून फार चांगला माणूस प्रत्यक्ष खेळताना कधीच दिसणार नसेल, तर आपण किती मागे आहोत हे त्याला मोबाइलच्या पडद्यावरून कळणार नाही. पडद्यावर सगळंच सोपं दिसतं.

लीग मानकापूरला परत यायची असेल तर ती सद्भावनेने येणार नाही. राज्य सरकारने अनुदान देताना, संकुलं भाड्याने देताना, काही सामने लहान शहरांत झालेच पाहिजेत अशी अट घालावी लागेल. अबूधाबीने पैसे मोजून सामने नेले, आपण पैसे मोजताना निदान अट तरी घालू शकतो. तोवर एक गोष्ट हातात आहे. सिव्हिल लाइन्सच्या जुन्या मैदानावर अजून देशांतर्गत सामने होतात. तीनदा रणजी जिंकलेला विदर्भाचा संघ तिथे खेळतो, आणि मैदान अजूनही शहराच्या मधोमधच आहे. पहाटेची एसटी धरली तर उपाहारापर्यंत पोहोचता येतं. पोरांना घेऊन जावं.