गुप्ततेचें गणित

नाशिक, कुलाबा व उत्तर सातारा जिल्ह्यांतील जननमानाच्या पाहणीवरील सोवनी व कुमुदिनी दांडेकर यांचा ग्रंथ पुण्याच्या गोखले संस्थेनें १९५५ सालीं प्रसिद्ध केला. घरांतील खाजगी गोष्ट परक्यास कोण सांगणार, ही अडचण अशा पाहणीस नेहमींचीच. १९६५ सालीं अमेरिकेंत वॉर्नर यांनीं तींतून वाट दाखविली. तिचें एक सोपें रूप असें: ४०० जणांनीं लपवून नाणें उडवावें, छापा पडल्यास ‘होय’ म्हणावें, कांटा पडल्यास खरें सांगावें. सुमारें २०० ‘होय’ नाण्याचेच. एकूण २४० आल्यास उरलेल्या २०० जणांत ४० खरे, म्हणजे पंचमांश. कोणा एकाचें ‘होय’ पुरावा ठरत नाहीं. माणसें अधिक विचारावीं लागतात खरीं. पण समाजाचें सत्य कळतें आणि व्यक्तीची अब्रू झांकलेली राहते.