एका रात्रीचे संगीत

चित्रपटातील संगीत हा पुष्कळदा संपत्तीचा प्रश्न असतो. वाद्यवृंद, गायकांचे मानधन, दिवसेंदिवस चालणाऱ्या तालमी या सर्वांना द्रव्य लागते. मग ज्याच्या पाठीशी कोणताही स्टुडिओ नाही, त्या दिग्दर्शकाने काय करावे? या प्रश्नाचे एक संस्मरणीय उत्तर १९५५ साली कलकत्त्यात मिळाले.

सत्यजित राय हे त्या वेळी जाहिरात कंपनीत नोकरी करीत होते. ‘पथेर पांचाली’चे चित्रण त्यांनी १९५२ च्या ऑक्टोबरात आरंभिले, परंतु पैशावाचून ते वारंवार थांबले. विम्याची पॉलिसी आणि पत्नीचे दागिने गहाण पडले. अखेर पश्चिम बंगाल सरकारच्या साहाय्याने काम तडीस गेले.

संगीताची जबाबदारी पंडित रविशंकर यांनी स्वीकारली. ‘नीचा नगर’ आणि ‘धरती के लाल’ या १९४६ च्या चित्रपटांमुळे हे क्षेत्र त्यांना अपरिचित नव्हते. तथापि मैफलींच्या दौऱ्यांतून त्यांना सवड फार थोडी होती. चित्रपटाचा सुमारे अर्धाच भाग त्यांनी पाहिला, आणि सुमारे अकरा तासांच्या एकाच बैठकीत, पहाटे चारपर्यंत, जवळजवळ सर्व संगीत ध्वनिमुद्रित झाले. बासरीवरील मुख्य धून लोकसंगीताच्या वळणाची होती. तरीही काही जागा उरल्याच. मिठाईवाल्याच्या मागून मुले धावतात, त्या प्रसंगीची सतार छायालेखक सुब्रत मित्र यांनी वाजविली.

या घाईतही संगीताने केवढे कार्य केले, हे एका प्रसंगावरून ध्यानी येते. दीर्घ काळाने घरी परतलेला हरिहर दुर्गेसाठी आणलेली साडी पत्नीपुढे धरतो. मुलगी निवर्तली आहे, हे त्यास ठाऊक नाही. सर्वजया हंबरडा फोडते. पण प्रेक्षकाला तिचा आवाज ऐकू येत नाही. त्याऐवजी दक्षिणामोहन टागोर यांच्या तारशहनाईवर पटदीपाचे तार सप्तकातील स्वर उमटतात. कंठातील आक्रोश वाद्याच्या स्वाधीन केल्यामुळे एका मातेचे दुःख सर्वांचे होते. त्यासाठी मोठा वाद्यवृंद लागला नाही. गजाने वाजणारे एकच वाद्य पुरेसे झाले.

पुढे विलायत खाँ यांनी ‘जलसाघर’ला (१९५८) आणि अली अकबर खाँ यांनी ‘देवी’ला (१९६०) संगीत दिले. मात्र थोर वादकाची प्रतिभा रागाच्या विस्तारात फुलते, तर चित्रपटाला कित्येकदा अवघे काही क्षण भरावयाचे असतात. ही ओढाताण राय यांना जाणवत गेली, आणि ‘तीन कन्या’ (१९६१) पासून आपल्या चित्रपटांचे संगीत ते स्वतःच रचू लागले.

अल्प साधनांनी काम करणाऱ्या संगीतकाराला त्या रात्रीपासून घेण्यासारखे पुष्कळ आहे. कोणता स्वर योजावा याइतकेच, कोणता आवाज काढून घ्यावा हेही त्याला ठरवावे लागते. आणि या निवडीला पैसा लागत नाही, प्रसंगाची जाण लागते.