तळटीप : नागराज मंजुळे

नागराज मंजुळे : दिग्दर्शक, पटकथाकार, कवी. गाव जेऊर, तालुका करमाळा. जिल्हा सोलापूर असला तरी करमाळ्याला लागूनच धाराशिवचा परांडा तालुका आहे. पूर्वी मुंबई इलाखा आणि निजामाचे राज्य यांची हद्द याच भागातून जात असे. बोली, बाजार आणि सोयरिकी मात्र तिने कधी अडवल्या नाहीत. म्हणून हद्दीपलीकडचे असले तरी या पुस्तकात मंजुळे यांना परके मानलेले नाही.

‘पिस्तुल्या’ या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण खरी ओळख ‘फँड्री’ने (२०१३) दिली. डुकराच्या मागे धावणारे कुटुंब शाळेतले राष्ट्रगीत कानी पडताच जागीच थबकते. पुढे तेच डुक्कर काठीला बांधून नेताना मागच्या भिंतीवर आंबेडकर आणि सावित्रीबाई दिसतात. कुणी एक शब्द बोलत नाही. मराठी पडद्यावर जातीबद्दल इतके नेमके फार थोड्यांनी मांडले आहे, असे प्रस्तुत संपादकाचे ठाम मत आहे.

इटलीत व्हित्तोरिओ दे सिका यांनी ‘बायसिकल थीव्ह्ज’साठी (१९४८) कारखान्यातला कामगार नायक म्हणून निवडला होता. मंजुळे यांनीही कधी कॅमेऱ्यासमोर न गेलेली आपल्या भागातली मुले घेतली. ‘सैराट’ची (२०१६) आर्ची म्हणजे अकलूजची रिंकू राजगुरू, तिच्या कामाची राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष दखल घेतली गेली. ‘झुंड’ (२०२२) हिंदीत आहे.