कागदावर उरलेला सिनेमा

१४ मार्च १९३१ रोजी गिरगावातल्या मॅजेस्टिक सिनेमात ‘आलमआरा’ लागला आणि हिंदुस्थानचा पडदा बोलू लागला, हे आपल्यापैकी बहुतेकांना पाठ आहे. जुबेदा नायिका होती, मास्टर विठ्ठल नायक होते, फकिराच्या भूमिकेतल्या वझीर महंमद खान यांनी पडद्यावरचे पहिले गाणे म्हटले, हेही अनेकांना माहीत असते. पण हा चित्रपट पाहिलेला माणूस आज शोधून सापडणार नाही, कारण त्याची एकही प्रत शिल्लक नाही. मग ही सगळी माहिती आपल्यापर्यंत आली कुठून? जाहिराती, स्थिरचित्रे, वर्तमानपत्रांतली वर्णने आणि ती जमवून ज्यांनी पुस्तके लिहिली त्यांच्याकडून. ‘आलमआरा’ आज कागदावरच हयात आहे.

मूकपटांची कथा याहून वाईट. १९१३ ते १९३४ या काळात आपल्या देशात तेराशेहून अधिक मूकपट तयार झाले. त्यांतले जेमतेम तीसच्या आसपास आज पाहता येतात, तेही पुष्कळदा तुकड्या-तुकड्यांनी. नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेई, उष्ण आणि दमट हवेत विरघळे. तिच्यात चांदीचा अंश असे, म्हणून जुनी रिळे वितळवून चांदी काढण्याचाही धंदा चाले. जे वाचले त्यातलेही बरेच काही जानेवारी २००३ मध्ये पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या फिल्म-कोठाराला लागलेल्या आगीत गेले. फातमा बेगम यांनी १९२६ साली ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. हिंदुस्थानात चित्रपट दिग्दर्शित करणारी पहिली स्त्री म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. ‘आलमआरा’ची जुबेदा ही त्यांचीच मुलगी. आईचा ‘बुलबुल’ही गेला आणि मुलीचा ‘आलमआरा’ही गेला. एका मुस्लिम घरातल्या मायलेकींचे हे कर्तृत्व आज केवळ छापील ओळींच्या आधाराने उभे आहे. त्या ओळी कोणी लिहिल्याच नसत्या तर?

येथे आम्हांला आमच्या वसई-विरारची एक गोष्ट सांगावीशी वाटते. मूकपटांची जी तपशीलवार सूची आज अभ्यासक प्रमाण मानतात, ती वीरचंद धरमसी यांनी तयार केली. १९९४ साली सुरेश छाब्रिया यांनी संपादित केलेल्या ‘लाइट ऑफ एशिया’ या इंग्रजी पुस्तकात ती छापली गेली. जे चित्रपट डोळ्यांनी पाहणे शक्य नाही त्यांची नावे, वर्षे, कंपन्या, नटनट्या जुन्या वर्तमानपत्रांतून आणि सरकारी याद्यांतून एकेक करून वेचायची, असे हे किचकट काम. याच धरमसींनी २०१२ साली आणखी एक मोठे पुस्तक प्रसिद्ध केले, ते पंडित भगवानलाल इंद्रजी यांचे चरित्र. आणि भगवानलाल म्हणजे कोण? एप्रिल १८८२ मध्ये नालासोपाऱ्याच्या बुरूड राजाच्या कोटात स्तूप उकरून आतली दगडी पेटी, एकात एक ठेवलेले करंडक आणि बुद्धाच्या आठ कांस्यमूर्ती बाहेर काढणारे संशोधक. अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडाही त्यांना सोपाऱ्यातच मिळाला. नवव्याचा तुकडा पुढे १९५६ साली भुईगावात सापडला.

चित्रपटांची सूची करणाऱ्या माणसाने पुराणवस्तू शोधणाऱ्या माणसाचे चरित्र का लिहावे, असे कोणाला वाटेल. आम्हांला त्यात काही आश्चर्य वाटत नाही. दोघांच्याही हाती पूर्ण वस्तू कधी आलीच नाही. सोपाऱ्यात अशोकाच्या चौदा लेखांपैकी दोनांचे तुकडे मिळाले, तेवढ्यावरून येथे सगळे लेख कोरलेले असावेत असे अनुमान करता आले. अरब प्रवाशांच्या ग्रंथांत ‘सुबारा’ म्हणून या बंदराचा उल्लेख येतो. आमच्या भागातल्या मुसलमानांच्या समुद्रापारच्या जुन्या संबंधांचा धागा अशा चार-दोन उल्लेखांवरच उभा आहे. सिनेमाची तवारीखही अशीच, कागदाच्या तुकड्यांतून जुळवावी लागते.

सिनेमा आणि पुस्तक यांचे नाते तसे पहिल्या दिवसापासूनचे आहे. दादासाहेब फाळके यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि त्यांना या कलेने झपाटले. त्यानंतर ते ज्याच्या मागे लागले ते एक इंग्रजी पुस्तक होते, ‘एबीसी ऑफ सिनेमॅटोग्राफी’. आपल्याकडे शिकवायला उस्ताद नव्हता, तेव्हा पुस्तकालाच उस्ताद केले. १९१२ साली ते लंडनला गेले, तेथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकाला भेटले, त्याच्या ओळखीने हेपवर्थचा स्टुडिओ पाहिला, कॅमेरा विकत घेऊन परतले. कोरी फिल्म त्या वेळी कडेच्या भोकांशिवाय येई. अंधारात बसून ती भोके पाडण्याचे काम सरस्वतीबाई फाळके करीत. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी लोकांसमोर आला. यापुढची गोष्ट आम्हांला अधिक मोलाची वाटते. १९१७-१८ मध्ये फाळक्यांनी ‘नवयुग’ मासिकात ‘भारतीय चित्रपट’ ही लेखमाला लिहिली, आणि ती मराठीत. या देशातल्या सिनेमाच्या जन्माची हकीकत जन्म देणाऱ्यानेच सांगितली आणि ती आपल्या भाषेत सांगितली. पुढच्या साऱ्या इतिहासकारांना, ते इंग्रजीत लिहोत की हिंदीत, या लेखांपाशी यावेच लागते.

ही परंपरा मराठीत खंडित झाली नाही. बापू वाटवे यांनी ‘एक होती प्रभातनगरी’ लिहून एका स्टुडिओचे सारे विश्व उभे केले. दुर्गा खोटे यांनी ‘मी, दुर्गा खोटे’ लिहिले. हंसा वाडकर यांचे ‘सांगत्ये ऐका’ तर असे की, स्टुडिओत राबणाऱ्या बाईच्या आयुष्याबद्दल दहा इतिहासग्रंथ सांगणार नाहीत ते त्यात मिळते. श्याम बेनेगल यांनी त्यावरून १९७७ साली ‘भूमिका’ केला. नटनट्यांची आत्मचरित्रे म्हणजे बढाया, असे समजून बाजूला सारणाऱ्यांनी ही दोन पुस्तके जरूर वाचावीत.

‘प्रभात’चे नाव निघाले म्हणून १९४१ सालच्या ‘शेजारी’विषयी दोन शब्द. विश्राम बेडेकरांची कथा, व्ही. शांताराम यांचे दिग्दर्शन. धरणाच्या कामावरून गावात तेढ पेरली जाते आणि पिढ्यान्‌पिढ्यांचे शेजारी असलेले पाटील आणि मिर्झा यांची घरे दुभंगतात. मराठीत केशवराव दाते पाटील झाले आणि गजानन जागीरदार मिर्झा. हिंदी ‘पडोसी’त मुस्लिम मिर्झाची भूमिका हिंदू जागीरदारांकडे राहिली आणि हिंदू ठाकूर झाले मजहर खान. नट आणि भूमिका यांच्या धर्मांची ही अदलाबदल १९४१ साली, म्हणजे फाळणी सहा वर्षांवर असताना, पुण्यातल्या एका मराठी संस्थेने केली. हेच जागीरदार पुढे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे पहिले संचालक झाले आणि त्यांनी ‘अभिनय कसा करावा’ हे पुस्तक मराठीत लिहिले. मिर्झाची बोली, चाल, नमाजाला बसण्याची ढब उसनी वाटू न देता पडद्यावर आणणाऱ्या नटाने अभिनयाविषयी लिहिलेले पुस्तक म्हणून आम्हांला त्याचे अप्रूप आहे.

आता आपल्या माणसाकडे येऊ. इसाक मुजावर यांचे नाव जुन्या वाचकांना नवे नाही. ‘रसरंग’मधून त्यांनी लिहिले, ‘चित्रानंद’ साप्ताहिक काढले आणि २०१५ साली निधन होईपर्यंत मराठी वाचकाला सिनेमाची गोष्ट सांगत राहिले. १९६९ साली महाराष्ट्र परिचय केंद्राने त्यांचे इंग्रजी पुस्तक प्रसिद्ध केले. हिंदुस्थानी चित्रपट-उद्योगाचे जन्मस्थान महाराष्ट्र आहे, हे त्याचे प्रतिपादन. मराठीच्या वतीने ही बाजू देशापुढे मांडणारा माणूस मुजावर आडनावाचा होता, याची नोंद आपण घ्यायला हवी. ‘गाथा मराठी सिनेमाची’ लिहिणारेही तेच आणि ‘रफीनामा’ लिहिणारेही तेच. दादा कोंडके आणि महंमद रफी यांच्यावर सारख्याच मायेने लिहिताना आपण दोन वेगळ्या जगांत वावरतो आहोत असे त्यांना कधी वाटले नसावे. किस्सा सांगण्याची त्यांना हौस होती. विद्यापीठातल्या पंडितांनी त्यामुळे त्यांच्याकडे थोडे दुर्लक्षच केले, असे आमचे मत आहे. पण रविवारी चहाबरोबर वाचता येईल असा सिनेमाचा इतिहास लिहिणे ही काही कमी प्रतीची गोष्ट नव्हे. दर्ग्याची देखभाल करतो, दिवा लावतो, येणाऱ्याला तिथली कहाणी सांगतो तो मुजावर. आडनाव त्यांना वारशाने मिळाले असले तरी काम त्यांनी स्वतः निवडले.

मुजावरांसारखे आणखी किती? बोटे मोजायला एक हात पुरेल. याचे कारण आपल्यातच शोधले पाहिजे. मुंबईच्या सिनेमात मुसलमानांचा वाटा किती मोठा, हे आपण अभिमानाने सांगतो. यूसुफ खान, मुमताज जहाँ, महजबीन ही नावे दिलीपकुमार, मधुबाला, मीनाकुमारी या नावांआड कशी गेली हेही सांगतो. पण घरात मात्र सिनेमा म्हणजे वाईट वळण. कोणाची आजी मूकपटात काम करीत होती, कोणाचे चुलते स्टुडिओत मेकअप करीत, हे पाहुण्यांसमोर बोलायचे नाही. लग्नाच्या बैठकीत तर नाहीच. अशा घरांतून फोटो फाडले गेले, करारपत्रे चुलीत गेली. दुसरे कारण भाषेचे. सिनेमावर उर्दूत पुष्कळ लिहिले गेले, ‘शमा’सारखे मासिक घराघरांत पोचले. ते सर्व मराठी वाचकापासून दूर राहिले आणि मराठीत जे लिहिले गेले त्यात आपण फारसे डोकावलो नाही. बार्शीच्या शाहीर अमर शेखांचे पोवाडे आपल्याला आठवतात. १९६१ सालच्या ‘प्रपंच’मधला नट अमर शेख मात्र किती जणांना ठाऊक आहे? १९९० साली सोलापुरात पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले तेव्हापासून आपण आपली कविता, कथा, आत्मकथन यांवर भरपूर बोललो. पडदा त्या चर्चेच्या बाहेरच राहिला.

सिनेमा बनतो कसा, हे सांगणारी पुस्तके मराठीत त्याहून थोडी. त्यांत अरुण खोपकर यांचे १९८५ सालचे ‘गुरू दत्त : तीन अंकी शोकांतिका’ हे आम्ही वरच्या जागी ठेवतो. त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. कॅमेरा कुठे आहे, प्रकाश कुठून येतो, सावली कोणावर पडते हे पाहायला ते पुस्तक शिकवते. ते वाचून ‘कागज के फूल’ पुन्हा पाहावा. रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा तो उजेडाचा झोत पाहावा. छायाचित्रकार व्ही. के. मूर्ती यांनी बाहेरचे ऊन आरशांवर घेऊन ते आत फेकले आणि तो परिणाम साधला. ही गोष्ट पुष्कळदा सांगितली जाते. ते आरसे पेलून धरणारे, सूर्य सरकला की ते सरकवणारे हात कोणाचे होते, हे मात्र कोणी सांगत नाही.

आमच्या गावांत असे हात आहेत. मुंबईत घर परवडेनासे झाले तसे स्टुडिओत काम करणारे पुष्कळ लोक नालासोपारा, विरार, वसईत राहायला आले. लाइटमन, सेटचे सुतार, रंगारी, ड्रेसवाले, ज्युनियर आर्टिस्ट, स्पॉटबॉय. पहाटेची लोकल धरून गोरेगाव-अंधेरीला जायचे, शिफ्ट संपवून शेवटच्या गाडीने परतायचे. अलीकडे नायगावकडे मालिकांचे सेट उभे राहिले, तेव्हा काहींची पायपीट कमी झाली. वसईच्या किल्ल्यात शूटिंगची गाडी येऊन उभी राहिली की आजही पोरे गोळा होतात. पडक्या चर्चच्या भिंतीपुढे नायक-नायिका नाचतात. १५३४ साली हा मुलूख गुजरातच्या बहादूरशहाकडून पोर्तुगीजांकडे कसा गेला आणि १७३९ साली चिमाजी आप्पांनी तो कसा घेतला, याचे त्या नाचणाऱ्यांना देणेघेणे नसते, आणि असायलाही हवे असे नाही. पण कोणत्या चित्रपटाचे काम किल्ल्यात कोणत्या साली झाले, एवढी साधी वहीसुद्धा गावात कोणी ठेवली नाही, याची आम्हांला खंत वाटते.

स्टुडिओत तराफ्यावर चाळीस वर्षे उभे राहून दिवे फिरवलेला माणूस बोलू लागला की एक वेगळाच कोश उघडतो. ‘बेबी’ कोणत्या दिव्याला म्हणतात, ‘कटर’ कुठे लावला म्हणजे नायिकेच्या कपाळावरची चमक जाते, काळ्या-पांढऱ्या फिल्मवर कोणता रंग कसा दिसे आणि म्हणून सेटला हिरवट रंग का देत, रमजानमध्ये रात्रपाळी लागली की सहरीचे काय करीत. हे कोणत्याही छापील ग्रंथात नाही. धरमसींना मूकपटांसाठी निदान जाहिराती मिळाल्या. तराफ्यावरच्या माणसाची जाहिरात कधी छापली गेली नव्हती. श्रेयनामावलीत ‘लाइट’ या शब्दापुढे भाड्याने दिवे देणाऱ्या कंपनीचे नाव येई, माणसांचे येत नसे.

त्यांच्याकडे जे आहे ते साधे आहे. युनियनचे कार्ड, मजुरीची व्हाउचरे, सेटवर कोणी काढून दिलेला एखादा ग्रुप फोटो, पाठीमागे पेन्सिलीने लिहिलेली तारीख. आमच्या भागात जुन्या चाळी पाडून इमारती उठत आहेत. घर रिकामे करताना ट्रंक आधी उघडली जाते, कागद रद्दीवाल्याच्या तराजूत जातात आणि ट्रंकेचे भंगारात वेगळे पैसे मिळतात. या अंकाच्या वाचकांपैकी ज्यांच्या घरी अशी ट्रंक असेल त्यांनी त्यातल्या फोटोंवरची माणसे वडीलधाऱ्यांना विचारून घ्यावीत, आणि नावे फोटोच्या मागे, पेन्सिलीनेच, लिहावीत. शाई पुढच्या बाजूला उतरते.