मथळ्यावर चुकीचे नाव

फेब्रुवारी १७६४. राजकारणी जॉन विल्क्सवरच्या खटल्याच्या आदल्या संध्याकाळी किंग्ज बेंच न्यायालयाचे सरन्यायाधीश लॉर्ड मॅन्सफिल्ड यांनी आरोपपत्रातला एक शब्द आपल्या घरीच बदलू दिला. त्यावर सडकून टीका करणारी पुस्तिका निघाली. लेखक निनावी होता, म्हणून सापडला तो विक्रेता, जॉन आल्मन. पुढच्याच वर्षी त्याच न्यायालयात त्याच्यावर अवमानाची कारवाई मागण्यात आली. यात ज्युरी नव्हती. दुखावलेल्या न्यायपीठानेच आरोप तपासायचा आणि शिक्षाही ठोठावायची.

ही कारवाई अडकली मथळ्यावर. कागदावर ‘राजा विरुद्ध आल्मन’ऐवजी ‘राजा विरुद्ध विल्क्स’ असे पडले होते. दुरुस्तीला संमती द्या, असे न्यायमूर्ती विल्मट यांनी आल्मनचे वकील ग्लिन यांना सांगून पाहिले. ग्लिन यांनी साफ नकार दिला. न्यायाधीशांनी कागदात केलेल्या दुरुस्तीवर टीका केली म्हणून एक माणूस पकडायचा आणि त्यासाठी पुन्हा कागदातच दुरुस्ती मागायची! प्रकरण बारगळले. विल्मट यांनी लिहून ठेवलेला निकाल कधी वाचलाच गेला नाही.

पण तो मेला नाही. विल्मट यांच्या मुलाने १८०२ मध्ये वडिलांचे कागद छापले, त्यात तो आला. न्यायाधीशांवरच्या टीकेला न्यायालय स्वतःच, झटपट शिक्षा करू शकते, हा त्याचा मुद्दा पुढच्या पिढ्यांनी आधार म्हणून उचलला. कधीच न दिलेल्या निकालाला एवढे वजन मिळावे, हे कायद्याच्या इतिहासातले एक चमत्कारिकच प्रकरण.

साम्राज्याबरोबर हा अधिकार हिंदुस्थानात आला. कलकत्त्यात १८८३ साली सुरेंद्रनाथ बॅनर्जींना दोन महिन्यांची कैद झाली. टिळकांच्या खटल्यावर लिहिले म्हणून १९०८ मध्ये ‘मराठा’चे संपादक न. चिं. केळकर यांना मुंबई उच्च न्यायालयाने १४ दिवसांची कैद आणि हजार रुपये दंड ठोठावला.

महात्मा गांधींचे प्रकरण वेगळ्याच थाटात चालले. सत्याग्रहाच्या प्रतिज्ञेवर सही करणाऱ्या वकिलांबाबत अहमदाबादचे जिल्हा न्यायाधीश केनेडी यांनी उच्च न्यायालयाला लिहिलेले पत्र गांधी संपादित ‘यंग इंडिया’ने ६ ऑगस्ट १९१९ रोजी टिप्पणीसह छापले. ऑक्टोबरात रजिस्ट्रारचे पत्र आले: मुख्य न्यायाधीशांच्या दालनात येऊन खुलासा करावा. पंजाबला निघालेल्या गांधींनी तार केली: लेखी खुलासा चालेल काय? चालला. मग न्यायालयाकडून माफीचा तयार मसुदाही आला. त्यावर सही करायला गांधींनी नकार दिला. शेवटी गांधी आणि प्रकाशक महादेव देसाई या दोघांवर कारणे दाखवा हुकूम निघाला. ३ मार्च १९२० रोजी मार्टेन, हेवर्ड आणि काजीजी या न्यायमूर्तींपुढे गांधींनी आपली बाजू स्वतःच मांडली. १२ मार्चला निकाल लागला: दोघेही दोषी, शिक्षा मात्र कडक समज आणि पुढे जपून वागण्याची ताकीद.

न्यायालयाने आधी पत्र लिहावे, तारेला उत्तर द्यावे, माफीचा मसुदाही धाडावा, ही सबुरी गांधींच्या नावामुळे होती, असे वाटल्याशिवाय राहत नाही. इतरांचे काय? शिक्षेला कमाल मर्यादा घातली १९२६ च्या अवमान कायद्याने: सहा महिने साधी कैद आणि दोन हजार दंड. नोटिशीची तपशीलवार तजवीज १९७१ च्या कायद्याच्या कलम १७ मध्ये आहे. दिवाणी दाव्याचे समन्स घरातल्या प्रौढ माणसाकडे देता येते, नाहीतर बेलिफ ते दाराला चिकटवू शकतो. फौजदारी अवमानाची नोटीस मात्र सहसा खुद्द त्या व्यक्तीलाच बजावायची, सोबत अर्जाची आणि प्रतिज्ञापत्रांची प्रत द्यायची. न्यायालयाला वेगळी पद्धत अवलंबायची असेल तर त्याची कारणे लिहून ठेवावी लागतात. नोटीस टाळण्यासाठी कुणी तोंड चुकवून राहील असे दिसले, तर त्याच्या मालमत्तेवर जप्ती आणता येते. तो हजर झाला आणि आपण पळालो नव्हतो किंवा नोटीस टाळण्यासाठी तोंड चुकवले नव्हते असे त्याने पटवून दिले, की ती उठवायची.