चार वेळा पंजा, मग एक बोट

सन १८६१, एप्रिल महिना. पॅरिसच्या दक्षिणेला बिसेत्रच्या इस्पितळात, शल्यविभागातल्या एका खाटेपाशी तुम्ही उभे आहात. पायाच्या सडत चाललेल्या जखमेचा वास नाकात शिरतोय. लिस्टर नावाचा शल्यचिकित्सक जखम सडू नये म्हणून कार्बोलिक ॲसिड वापरून पाहील, त्याला अजून चार वर्षं आहेत. तोवर असा पाय चिघळला की माणूस हाती लागणं कठीण.

खाटेवर एक्कावन्न वर्षांचा लबॉर्न्य आहे. एके काळी तो जोड्यांचे लाकडी साचे करायचा. तिशीच्या सुमारास वाचा गेली, पुढे उजवा हात लुळा पडला, मग पाय. काहीही विचारा, उत्तर एकच : ‘तां, तां.’ अख्खं इस्पितळ त्याला ‘तां’ म्हणूनच ओळखतं.

तेवढ्यात पॉल ब्रोका येतात. वय छत्तीस. बोर्दोकडच्या सँत-फ्वा-ला-ग्रांद या गावातल्या डॉक्टरांचा हा मुलगा. दोन वर्षांपूर्वी त्यांनी पॅरिसची मानवशास्त्र संस्था स्थापली. बोलण्याची जागा मेंदूत ठरलेली असते का, यावर तिथे सध्या जोरदार वाद चालू आहे.

ब्रोका पाय तपासतात आणि मग विचारतात, इथे येऊन किती वर्षं झाली?

आता त्या डाव्या हाताकडे बघा. पंजा उघडतो, मिटतो. एकदा, दोनदा, तीनदा, चारदा. मग एकच बोट वर. एकवीस! हिशेब चोख आहे. दुसऱ्या दिवशी तोच प्रश्न, तेच उत्तर. पुन्हा विचारल्यावर मात्र, आपली परीक्षा घेतली जातेय हे ओळखून तो खवळतो आणि एक खणखणीत शिवी हासडतो. शब्द हरवलेत, माणूस शाबूत आहे.

१७ एप्रिलला तो जातो. कवटी उघडली जाते तेव्हा ब्रोकांच्या खांद्यामागून तुम्हीही पाहता : मेंदूच्या डाव्या बाजूला, पुढच्या भागात, कोंबडीच्या अंड्याएवढा खड्डा. दुसऱ्याच दिवशी ब्रोका तो मेंदू संस्थेपुढे ठेवतात. काही महिन्यांत लेलाँग नावाचे चौऱ्याऐंशी वर्षांचे आजोबा येतात. त्यांच्याकडे पाचच शब्द उरलेत. इजा जवळपास त्याच जागी. असे रुग्ण जमवत १८६५ मध्ये ब्रोका ठामपणे मांडतात की आपण मेंदूच्या डाव्या अर्ध्या भागाने बोलतो.

याच ब्रोकांनी मेंदूच्या वजनावरून वंशांची आणि स्त्री-पुरुषांची प्रतवारीही लावली. ते चूक होतं, आणि ती चूक झाकून त्यांचा मोठेपणा सांगता येणार नाही. १८८० मध्ये, वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी ते गेले. लबॉर्न्यचा मेंदू त्यांनी कापला नाही, अखंड जपला. म्हणून जवळजवळ दीडशे वर्षांनी त्याचा एमआरआय काढता आला, आणि इजा ब्रोकांना दिसली त्याहून खोल गेल्याचं कळलं.

आता परत या. तुमच्या घरात, शेजारात अर्धांगाच्या झटक्यानंतर कुणाची वाचा गेली असेल, तर त्यांच्या डोक्यावरून आपापसांत बोलू नका. त्यांनाच विचारा. आणि बोट वर होईपर्यंत थांबा.